गेलेल्या माणसाच्या मिळकतीचा हिशेब

काही विषय घरात काढले की मोठी माणसे लगेच म्हणतात, "अभद्र बोलू नये गं, वास्तू तथास्तु म्हणत असते." आजचा विषय त्यातलाच आहे. पण मैत्रिणींनो, या सदरात आपण किराण्याचा, दुधाचा, मुलांच्या फीचा हिशेब मांडतो, तो अडचणीच्या दिवशी हाताशी असावा म्हणूनच ना? मग ज्या दिवशी सगळ्यात मोठी अडचण दारात येते, त्या दिवसाचा हिशेबही आपल्याला यायला हवा. घरातले कोणी रस्त्यावरच्या अपघातात गेले, तर मागे राहिलेल्यांना भरपाई मिळते, हे सगळ्यांना ऐकून माहीत असते. ती किती मिळायला हवी आणि ती रक्कम कशी काढतात, हे मात्र फारच थोड्या बायकांना ठाऊक असते. आणि जिला ठाऊक नसते, तिच्यापुढे कोणीही एक आकडा ठेवून म्हणू शकतो, "वहिनी, करा सही."

मी काही वकील नव्हे. बी. ए. झालेली, सकाळच्या शाळेत अर्धवेळ शिकवणारी गृहिणी आहे. पण हा हिशेब सातवीच्या गणिताच्या पलीकडचा नाही, हे मी स्वतः वही-पेन घेऊन पाहिले आहे. शेकडेवारी, अपूर्णांक आणि गुणाकार, बस्स.

आमच्या गल्लीतल्या एका वहिनींचे उदाहरण घेते. त्यांचे नाव-गाव सांगत नाही. त्यांच्या यजमानांची पिठाची गिरणी होती, जोडीला मसाला कांडपाचे यंत्र. वय ४३. स्कूटरवरून येताना ट्रकने उडवले. मागे वहिनी, एक मुलगी, एक मुलगा आणि म्हाताऱ्या सासूबाई. दावा दाखल झाला होता. पुढे लोकअदालतीत विमा कंपनीच्या लोकांनी ११ लाखांवर तडजोड करायची तयारी दाखवली. घरचे दीर म्हणाले, "घेऊन टाका. माणूस तर परत येणार नाही. नाहीतर वर्षानुवर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजवाल." वहिनींना नाही म्हणवेना आणि हो म्हणायचा धीरही होईना.

इथे एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा. लोकअदालत वाईट नाही, पुष्कळांचे काम तिथे लवकर होते. पण तिथे एकदा तडजोडीवर सही झाली की तो निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. म्हणून सही करण्याआधी आपला आकडा आपल्याला माहीत पाहिजे.

तर तो आकडा काढायचा कसा, ते पायरी-पायरीने पाहू. याचे नियम मुख्यतः सर्वोच्च न्यायालयाच्या दोन निकालांनी घालून दिले आहेत. एक २००९ चा, "सरला वर्मा" या नावाने ओळखला जाणारा. दुसरा ३१ ऑक्टोबर २०१७ चा, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा, "प्रणय सेठी" प्रकरणातला. ही दोन नावे वहीत लिहून ठेवा. वकिलांशी बोलताना नुसती उच्चारलीत तरी समोरचा माणूस सावरून बसतो!

पहिली पायरी मिळकतीची. माणूस जाण्याच्या वेळी महिन्याला किती मिळवत होता? नोकरदाराचा पगार धरताना आयकर वजा करतात. धंदेवाल्याचे आयकर विवरणपत्र असेल तर उत्तमच. नसेल तर इतर पुरावा लागतो, आणि तोही नसेल तर न्यायाधिकरण किमान वेतनाच्या आसपासचा एखादा अंदाज धरते. खरा वाद इथेच होतो.

दुसरी पायरी वाढीची. माणूस जगला असता तर त्याची मिळकत तिथेच थांबली असती का? नाही. म्हणून आजच्या मिळकतीत भविष्यातली वाढ मिळवतात. कायम नोकरीत असलेल्याचे वय ४० च्या आत असेल तर ५० टक्के, ४० ते ५० असेल तर ३० टक्के आणि ५० ते ६० असेल तर १५ टक्के. स्वतःचा धंदा किंवा ठरावीक पगारावरचे काम असेल, तर याच वयांना अनुक्रमे ४०, २५ आणि १० टक्के. पूर्वी धंदेवाल्यांना ही वाढ द्यायची की नाही, यावर मतभेद होते. २०१७ च्या निकालाने तो प्रश्न मिटवला. भाजीवाला, रिक्षावाला, शिंपी, गिरणीवाला या सगळ्यांच्या घरांना याचा फायदा आहे.

तिसरी पायरी वजाबाकीची. माणूस स्वतःवरही खर्च करत होताच ना? कपडेलत्ते, जाणे-येणे, चहापाणी. तो भाग घराला मिळत नव्हता, म्हणून वजा होतो. विवाहित माणसावर २ किंवा ३ जण अवलंबून असतील तर एकतृतीयांश, ४ ते ६ असतील तर एकचतुर्थांश, सहांपेक्षा जास्त असतील तर एकपंचमांश. मुलगा किंवा मुलगी अविवाहित असेल तर सामान्यतः निम्मी मिळकत वजा धरतात.

चौथी पायरी गुणकाची. वर्षाची जी रक्कम उरली, तिला मृताच्या वयानुसार ठरलेल्या आकड्याने गुणायचे. हा तक्ता कापून ठेवण्यासारखा आहे:

१५ ते २५ वर्षे – १८
२६ ते ३० – १७
३१ ते ३५ – १६
३६ ते ४० – १५
४१ ते ४५ – १४
४६ ते ५० – १३
५१ ते ५५ – ११
५६ ते ६० – ९
६१ ते ६५ – ७
६६ ते ७० – ५

तुम्ही विचाराल, ४३ वर्षांचा माणूस साठीपर्यंत १७ वर्षे कमावता, मग गुणक १४ च का? आमच्या वहिनींनीही हेच विचारले. त्याचे उत्तर धान्याच्या कणगीसारखे आहे. आपण वर्षाचे धान्य एकदम भरतो आणि हळूहळू काढत जातो. इथे अनेक वर्षांचे पैसे एकदम हातात येतात. ते बँकेत ठेवले की त्यावर व्याज मिळते. दर वर्षी थोडे व्याज, थोडी मुद्दल अशी काढत गेले की पैसे वर्षांच्या आकड्यापेक्षा जास्त पुरतात. शिवाय आयुष्यात आजारपण, धंद्यातली खोट हेही असतेच. हे सगळे जमेला धरून गुणक थोडा कमी ठेवला आहे.

आता वहिनींचा हिशेब. विमा कंपनीचे म्हणणे होते, आयकराचा कागद नाही, तेव्हा महिन्याला १०,००० धरा. ठीक आहे, त्यांचाच आकडा घेऊ. १०,००० मध्ये २५ टक्के वाढ मिळवली, झाले १२,५००. गुणिले १२ महिने, १,५०,०००. अवलंबून माणसे चार, म्हणून एकचतुर्थांश वजा. उरले १,१२,५००. गुणिले १४, म्हणजे १५,७५,०००. बघा, त्यांचाच आकडा धरून पावणेसोळा लाख होतात, आणि पुढे ठेवले होते ११ लाख! वाढीचे २५ टक्के त्यांनी धरलेच नव्हते. ते सोडले तरी हिशेब १२,६०,००० चा येतो.

दोन ओळींत हे लिहून दाखवल्यावर वहिनी बराच वेळ कागदाकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "आणि दहा हजार तरी कुठले? गिरणीची वही आहे ना माझ्याकडे."

ती वहीच पुढे उपयोगी पडली. रोज किती पायली दळण झाले, मसाल्याचे किती, कोणाची उधारी, असे सगळे वहिनीच लिहीत असत. विजेची बिले, जागेचे भाडे जाऊन महिन्याला सुमारे २२,००० उरत होते. विजेची बिले दळणाच्या नोंदींशी जुळली. बँकेच्या पासबुकात दर आठवड्याला भरणा होता. गिऱ्हाइकांपैकी दोघांनी साक्ष दिली. विमा कंपनीने वेगळा मुद्दा काढला, की गिरणी तर अजून उभीच आहे, मग मिळकत बुडाली कुठे? हा मुद्दा अगदीच पोकळ नाही बरं का. यंत्र मागे राहते, ते भाड्याने देता येते. बुडतात ते माणसाचे कष्ट आणि त्याची देखरेख. शेवटी यंत्रांच्या भाड्याचे ४,००० बाजूला काढून न्यायाधिकरणाने मिळकत १८,००० धरली. त्यात २५ टक्के मिळवून २२,५००, वर्षाचे २,७०,०००, एकचतुर्थांश वजा जाऊन २,०२,५००, गुणिले १४. झाले २८,३५,०००. शिवाय दाव्याच्या तारखेपासून व्याज. म्हणजे ११ लाखांवर सही झाली असती, तर मुलीचे शिक्षण आणि सासूबाईंचे औषधपाणी त्या कागदातच राहिले असते. वेळ मात्र लागला, हे खोटे बोलणार नाही. तीन वर्षे वहिनी पापड लाटून आणि गिरणी चालवून घर ओढत होत्या.

या मुख्य रकमेशिवाय आणखी तीन लहान रकमा असतात. २०१७ च्या निकालात मालमत्तेची हानी म्हणून १५,०००, अंत्यविधीचा खर्च १५,००० आणि सहवास गमावल्याबद्दल ४०,००० ठरवले आणि दर तीन वर्षांनी यांत १० टक्के वाढ करायला सांगितली. सहवासाची रक्कम फक्त पत्नीलाच नाही. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की आईबापांवाचून राहिलेल्या मुलांचा आणि मूल गमावलेल्या आईबापांचाही तो हक्क आहे.

आता आपल्या स्वतःकडे वळू. अपघातात घरातली बाई गेली तर? दाव्याच्या अर्जात "मृताचा व्यवसाय" या रकान्यापुढे "काही नाही, घरीच असते" असे लिहिणारे नवरे आजही आहेत, आणि ते वाईट मनाचे असतात असेही नाही. त्यांना खरेच तसे वाटते. सकाळच्या डब्यापासून रात्रीच्या विरजणापर्यंत जे चालते, त्याला कोणी कधी पावती फाडलेली नसते.

कायद्यालाही हे उमगायला वेळ लागला. १९८९ मध्ये जमशेदपूरला एका समारंभात आग लागून अनेक जण गेले, त्यांत पुष्कळ गृहिणी होत्या. त्या प्रकरणाचा निकाल २००१ मध्ये लागला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने ३४ ते ५९ वयाच्या गृहिणीच्या कामाचे मोल महिन्याला ३,००० रुपये धरले. २०१० मध्ये एका अपघाताच्या दाव्यात न्यायालयाने २००१ च्या जनगणनेवर बोट ठेवले. तिच्यात घरकाम करणाऱ्या बायकांना भिकारी आणि कैदी यांच्या रांगेत, काही उत्पादन न करणाऱ्यांत बसवले होते! मग ५ जानेवारी २०२१ चा निकाल आला, "कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स". त्यात २०१९ च्या सरकारी पाहणीचा दाखला आहे, की घरच्यांसाठीच्या बिनपगारी घरकामात बायका दिवसाला सरासरी २९९ मिनिटे घालवतात आणि पुरुष ९७ मिनिटे. गृहिणीची मिळकत गृहीत धरायची आणि तिच्यावर भविष्यातली वाढही द्यायची, असे त्या निकालाने सांगितले. २०२४ मध्ये न्यायालयाने आणखी स्पष्ट केले, की गृहिणीची मिळकत रोजंदारीवरच्या मजुराच्या किमान वेतनापेक्षा कमी धरता येणार नाही.

समजा, ३४ वर्षांची गृहिणी गेली आणि न्यायाधिकरणाने तिच्या कामाचे मोल महिन्याला १२,००० धरले. ४० टक्के वाढ धरून १६,८००. वर्षाचे २,०१,६००. मागे नवरा आणि दोन मुले, म्हणून एकतृतीयांश वजा, उरले १,३४,४००. गुणक १६. रक्कम २१,५०,४००. आणि ती शिवण करत असेल, शिकवण्या घेत असेल, डबे देत असेल, तर ती मिळकत वेगळी दाखवायची. ती सिद्ध कशी करणार? तुमच्या वहीने. डब्यांचा, शिकवण्यांचा हिशेब लिहा आणि ते पैसे थोडे तरी स्वतःच्या नावाच्या खात्यातून फिरू द्या.

बायकांच्या मनात नेहमी येणाऱ्या काही शंका इथेच सांगून टाकते.

आयुर्विम्याचे पैसे मिळाले तर भरपाई कमी होते का? नाही. १९९८ मध्ये राज्य परिवहन महामंडळाविरुद्धच्या एका दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने हे सांगितले आहे. प्रॉव्हिडंट फंड आणि कुटुंब निवृत्तिवेतन हेही कापून घेता येत नाही. तो त्या माणसाच्या स्वतःच्या बचतीचा आणि नोकरीचा भाग आहे.

विधवेने पुन्हा लग्न केले तर हक्क जातो का? नाही. २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने विमा कंपनीची ही हरकत फेटाळली. दाव्याचे पैसे हवे असतील तर आयुष्यभर एकटी राहा, असे कायदा म्हणत नाही. नातेवाईक म्हणत असतील तर त्यांना हे ऐकवा.

चूक थोडी आपल्या माणसाचीही असेल तर? तेवढ्या प्रमाणात रक्कम कमी होते, दावा मात्र जात नाही. चूक कोणाची हे सिद्ध न करता ठरावीक रक्कम घेण्याचीही सोय कायद्यात आहे, मृत्यूसाठी ५ लाख. धडक देऊन पळालेले वाहन सापडलेच नाही, तर १ एप्रिल २०२२ पासून मृत्यूसाठी २ लाख मिळतात. ही रक्कम पुष्कळांना माहीत नसल्यामुळे मागितलीच जात नाही.

दावा कुठे करायचा? मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात. अपघात नाशिकला झाला आणि तुम्ही साताऱ्याला राहत असाल, तर साताऱ्यालाही करता येतो. मुदतीचे मात्र फार जपा. १ एप्रिल २०२२ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने सहा महिन्यांची मुदत घातली आहे. या मुदतीलाच न्यायालयात आव्हान दिले गेले आहे, म्हणून उशीर झालेल्यांनी वकिलाला विचारल्याशिवाय आशा सोडू नये. पण ज्यांच्या हातात वेळ आहे त्यांनी वर्षश्राद्धापर्यंत थांबू नये. वकिलाची फी कशी द्यायची ही चिंता असेल, तर जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७ च्या कायद्याने स्त्रियांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, मग उत्पन्न कितीही असो.

कागद कोणते लागतात ते एका जागी लिहिते. प्रथम खबर, घटनास्थळाचा पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल, मृत्यूचा दाखला, वयाचा पुरावा, मिळकतीचा पुरावा, अवलंबून असलेल्यांची नावे आणि वये, धडकलेल्या वाहनाचा क्रमांक आणि त्याच्या विम्याचा तपशील. वयाचा दाखला किरकोळ समजू नका. ४० आणि ४१ या एका वर्षाने गुणक बदलतो, आणि ३९ आणि ४० या एका वर्षाने वाढीची टक्केवारी बदलते. शाळेचा दाखला एक सांगतो आणि आधार कार्ड दुसरेच, असे तुमच्या घरात असेल तर ते आताच दुरुस्त करून घ्या.

आणि पैसे हातात आल्यावर? अज्ञान मुलांचा हिस्सा न्यायाधिकरण सामान्यतः ती सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत ठेवायला लावते. बाईच्या हिश्श्याचाही काही भाग ठेवीत जातो आणि व्याज दर महिन्याला तिच्या खात्यात येते. हे जाचक वाटते, पण त्या काळात दाराशी येणारे "जरा अडचण आहे, दोन महिन्यांत परत देतो" म्हणणारे लोक आठवले, की ती कुलूपबंद ठेवच बरी वाटते. खाते मात्र बाईच्या एकटीच्या नावावर असू द्या.

या आठवड्यात एवढे करा. घरातल्या प्रत्येक कमावत्या माणसाच्या नावाने वहीत एक पान घाला. त्यावर जन्मतारीख, महिन्याची मिळकत, तिचा कागद कुठे ठेवला आहे आणि गाडीच्या विम्याची मुदत कधी संपते, हे लिहा. दुसरे पान स्वतःच्या नावाचे घाला, आणि व्यवसायाच्या रकान्यात "काही नाही" असे लिहू नका.

पुढच्या वेळी बँकेतले नामनिर्देशन आणि वारसाहक्क यांत काय फरक असतो, ते पाहू. त्यावरून घराघरांत किती गैरसमज आहेत, ते तुमच्या पत्रांवरून दिसतेच आहे.